वडिलोपार्जित शेतावर निवास आणि समारंभस्थळ उभारण्यापूर्वी: आधी रस्ता

वडिलोपार्जित शेतावर चार खोल्या बांधाव्यात, शहरातल्या पाहुण्यांना मुक्कामाला बोलवावे आणि बागेशेजारच्या मोकळ्या जागेत लग्ने, मुंजी, साखरपुडे होऊ द्यावेत, असा विचार महाराष्ट्रातल्या पुष्कळ शेतकरी कुटुंबांत चालू आहे. २०२० मध्ये राज्याचे कृषी पर्यटन धोरण आले आणि पर्यटन संचालनालयाकडे नोंदणीची सोय झाली, तेव्हापासून या विचाराला जोर आला. पुढची यादी अशा कुटुंबांसाठी आहे आणि ती दिलेल्या क्रमानेच वाचावी. खोल्यांचे रंग, फलक, छायाचित्रे, जाहिरात यांविषयी येथे काही सांगितलेले नाही, कारण त्या गोष्टी कोणीही विसरत नाही.

सर्वांत आधी रस्ता. खोल्यांचा नकाशा काढण्याआधी, कर्जाचा अर्ज भरण्याआधी, फार काय, घरात हा विषय दुसऱ्यांदा निघण्याआधी, डांबरी सडकेपासून आपल्या फाटकापर्यंतची वाट कोणाकोणाच्या गटातून जाते हे कागदावर पाहून घ्यावे. आमच्याकडून पहिल्या खेपेला नेमके हेच राहिले. आजोबांच्या काळापासून बैलगाडी आणि पुढे ट्रॅक्टर त्याच वाटेने येत-जात असल्यामुळे वाट आपलीच आहे असे सर्वांनी गृहीत धरले होते; पहिल्या मोठ्या समारंभाच्या आदल्या दिवशी मंडपाचा ट्रक बांधाजवळ अडवला गेला आणि जमीनमालकांनी, आवाज न चढवता, ही वाट शेतीपुरती आहे असे सांगितले. त्यांचे म्हणणे बरोबर होते.

ते बरोबर का होते हे समजून घ्यावे, कारण ‘आमची वहिवाट आहे’ या एका वाक्यावर लोक लाखो रुपयांचे बांधकाम करतात. गावनकाशावर गाडीमार्ग दुहेरी तुटक रेषेने आणि पायवाट एकेरी तुटक रेषेने दाखवलेली असते. बांधावरून पडलेली वाट मात्र बहुधा नकाशावर नसतेच. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम १४३ खाली तहसीलदार बांधावरून रस्ता देऊ शकतात, पण तो देताना शेतकऱ्याला आपल्या शेतापर्यंत पोहोचण्याची जी वाजवी गरज असते तीच त्यांना विचारात घ्यायची असते. मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ खाली वाटेतला अडथळा दूर करून घेता येतो, आणि त्यासाठी अडथळा झाल्यापासून सहा महिन्यांच्या आत दावा करावा लागतो. पण तेथेही शेतीला जाण्याच्या जुन्या वाटेचाच विचार होतो. शिवाय सुविधाधिकार अधिनियम, १८८२ प्रमाणे ज्याला दुसऱ्याच्या जमिनीतून जाण्याचा असा हक्क आहे त्याने आपल्या जमिनीचा वापर बदलून दुसऱ्याच्या जमिनीवरचा भार वाढवायचा नसतो. दिवसाकाठी दोन ट्रॅक्टर जाण्याचा हक्क आणि एका संध्याकाळी दोनशे मोटारी जाण्याचा हक्क हे कायद्याच्या दृष्टीने एक नाहीत.

म्हणून करायचे ते असे. मोजणी करून घ्यावी. वाट ज्या ज्या गटांतून जाते त्या प्रत्येकाचा सातबारा काढून त्यावरच्या सर्व खातेदारांशी, म्हणजे केवळ गावात राहणाऱ्या थोरल्या भावाशी नव्हे, तर मुंबईला असलेल्या धाकट्याशी आणि सासरी असलेल्या बहिणींशीही बोलावे. वाटेची रुंदी, वापराचे स्वरूप (‘व्यावसायिक व समारंभासाठीच्या वाहनांसह’ असे स्पष्ट शब्द), मोबदला आणि दुरुस्तीची जबाबदारी लिहून नोंदणीकृत करार करावा आणि त्याची नोंद सातबाऱ्याच्या इतर हक्कांच्या रकान्यात करून घ्यावी. पट्टी विकतच घ्यायची असेल तर १९४७ चा तुकडेबंदीचा कायदा (ठरावीक क्षेत्राहून लहान तुकड्याच्या विक्रीला आळा घालणारा) आडवा येतो, त्यामुळे इसार देण्याआधी तहसील कार्यालयात रस्त्यासाठी कोणती मुभा आहे हे विचारून घ्यावे. तोंडी होकारावर विसंबू नये. शेजारी सज्जन असला तरी त्याचा मुलगा तसाच असेल असे नाही, आणि आपला धंदा चालू लागल्यानंतर मागायला गेलेल्या वाटेची किंमत वेगळी असते.

हक्क मिळाला म्हणजे रस्ता झाला असेही नाही. मंडपाचा ट्रक, पाण्याचा टँकर, अग्निशामक गाडी आणि १०८ ची रुग्णवाहिका यांना वळण्याएवढी जागा फाटकापाशी लागते, आणि समोरून दुसरे वाहन आले तर बाजूला घेण्यासाठी मध्येच कोठेतरी रुंदी लागते. काळ्या मातीवर नुसता मुरूम टाकून भागत नाही. ती माती पाण्याने फुगते आणि मुरूम गिळून टाकते, म्हणून खाली खडीचा थर आणि दोन्ही बाजूंना चर हवेत. लग्नसराईचा जोर एप्रिल-मे मध्ये असतो आणि वळवाचा पाऊसही नेमका तेव्हाच येतो. वाहनतळासाठी मुरमाड जमीनच निवडावी, मग ती मंडपापासून थोडी दूर पडली तरी चालेल. ऊसपट्ट्यात आणखी एक अडचण आहे: तुळशीच्या लग्नानंतर मुहूर्त सुरू होतात तेव्हाच गाळप हंगामही सुरू झालेला असतो, आणि अरुंद वाटेवर उसाची भरलेली ट्रॉली कलंडली की वऱ्हाड तेथेच थांबते. ऊसतोडीच्या मुकादमाशी आणि शेजाऱ्यांशी समारंभाच्या तारखा महिनाभर आधी बोलून ठेवाव्यात.

दुसरी गोष्ट घरातली. जमीन कोणाच्या नावावर आहे आणि कोणाचा हक्क आहे हे दोन वेगळे प्रश्न आहेत. हिंदू उत्तराधिकार कायद्यातील ९ सप्टेंबर २००५ पासून लागू झालेल्या दुरुस्तीने वडिलोपार्जित मिळकतीत मुलींना मुलांइतकाच हक्क मिळाला, आणि त्या तारखेला वडील हयात असण्याची अट नाही हे सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये स्पष्ट केले. बहिणींकडून हक्कसोड लिहून घेऊन मोकळे होण्याची जी रीत पडली आहे ती, माझ्या मते, या व्यवसायात विशेष अयोग्य आहे. उत्पन्न दिसू लागले की सोडलेला हक्क सर्वांनाच आठवतो. त्यापेक्षा जमीन कोणाची, बांधकामाचा खर्च कोणाचा, रोज राबणार कोण आणि नफा कसा वाटायचा हे आधीच लिहून त्यावर सर्वांच्या सह्या घ्याव्यात. वारसांच्या राहिलेल्या नोंदी आणि जुने फेरफार याच वेळी उरकावेत. जमीन भोगवटादार वर्ग २ ची, म्हणजे हस्तांतरणावर शासनाचे निर्बंध असलेली, असेल तर जिल्हाधिकाऱ्यांच्या परवानगीशिवाय पुढे काहीही करू नये.

परवानग्यांविषयी थोडक्यात. कृषी पर्यटन केंद्राची नोंदणी ही शेती चालू ठेवून पाहुण्यांना राहू देण्यासाठी असते. ती हाती आली म्हणजे कायमस्वरूपी मंगल कार्यालय काढण्याची मुभा मिळाली असे समजू नये. समारंभाच्या जागेचा अकृषिक वापर आणि बांधकाम यांविषयी तहसील आणि नगररचना या दोन्ही कार्यालयांत लेखी विचारणा करून लेखी उत्तर घ्यावे. सल्लागार अर्जांचा गठ्ठा घेऊन येईल आणि सगळे होऊन जाईल असे म्हणेल. तेव्हा त्याला पोहोचरस्त्याचा कागद कोठे आहे असे विचारावे. पोहोचरस्ता नसलेल्या जागेची इतर सर्व कागदपत्रे चोख असली तरी त्यांचा उपयोग काय?

वीज. शेतीपंपाच्या जोडणीवरून खोल्या किंवा मंडप चालवू नये. विद्युत अधिनियम, २००३ च्या कलम १२६ प्रमाणे हा अनधिकृत वापर ठरतो आणि त्याची आकारणी दुप्पट दराने होते. वापर कधीपासून आहे हे ठरवता आले नाही तर मागील बारा महिन्यांची होते. शिवाय शेतीच्या फीडरवर चोवीस तास वीज नसते आणि तिची पाळी मुहूर्त पाहून लागत नाही. वेगळी व्यावसायिक जोडणी घ्यावी, भार मोजताना गिझर आणि वातानुकूलन यंत्रे धरावीत, आणि समारंभासाठी कमी आवाजाचा जनरेटर ठेवावा. रोहित्र आणि जनरेटर मोठ्या वाहनातून येतात, म्हणजे येथेही रस्ताच लागतो.

पाणी आणि सांडपाणी यांना एकत्र पाहावे. शहरी पाणीपुरवठ्याचे माणशी १३५ लिटरचे मानक धरले तर बारा मुक्कामी पाहुण्यांना रोज १,६२० लिटर पाणी लागेल, आणि शहरातून आलेला पाहुणा त्यापेक्षा कमी वापरणार नाही. लग्नसराईत, म्हणजे विहिरीने तळ गाठलेला असताना, पाहुण्यांना पाणी द्यायचे की फळबागेला, हे आधी ठरवून ठेवावे. माझे मत बागेच्या बाजूने आहे, कारण पाहुणे तीच पाहायला येतात. समारंभाचे पाणी टँकरने आणावे. (टँकर कोठून येणार? रस्त्यावरून.) शोषखड्डा विहिरीपासून किमान १८ मीटर दूर असावा, आणि दख्खनच्या फटी असलेल्या काळ्या खडकात त्याहूनही दूर, कारण तेथे सांडपाणी मातीतून गाळले न जाता फटींतून थेट विहिरीकडे जाते. समारंभासाठी बायकांची स्वच्छतागृहे पुरुषांच्या दुप्पट असावीत. आचाऱ्यांच्या भांडी घासण्याच्या जागेला वेगळी मोरी आणि तेल अडवणारी टाकी हवी. हे राहिले तर शोषखड्डा पहिल्याच हंगामात तुंबतो.

सुरक्षिततेच्या बाबतीत शहरी पाहुणा आणि त्याची मुले यांना शेतातले काहीही ठाऊक नाही असे धरून चालावे. शेततळ्याला कुंपण आणि कुलूप हवेच हवे. प्लास्टिकचा कागद अंथरलेल्या तळ्याच्या उतारावर हातपाय ठरत नाहीत आणि पट्टीच्या पोहणाऱ्यालाही बाहेर येता येत नाही, म्हणून चारही बाजूंना गाठी मारलेले दोर पाण्यापर्यंत सोडलेले असावेत. तेथे पोहू देण्याचा विचारही करू नये. विहिरीला कठडा आणि जाळी असावी. नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे या चारही सापांच्या विषावर चालणारी प्रतिसर्पविष लस जवळच्या कोणत्या सरकारी रुग्णालयात असते हे प्रत्यक्ष जाऊन विचारावे आणि तेथवर रात्री किती वेळ लागतो ते गाडी चालवून पाहावे. वाटेची रात्रीची अवस्थाही त्याच फेरीत कळेल. आवारातल्या झाडांवर आग्या मोहोळ आहे का हे प्रत्येक समारंभाआधी पाहावे, कारण धूर आणि फटाके या दोन्हींनी ते उठते, आणि मग मंडपातल्या शेकडो माणसांना पळायला जागा राहत नाही. फटाक्यांना तर साफ नकारच द्यावा. शेजारी वाळलेला ऊस किंवा काढणीला आलेला गहू उभा असताना एक बाण पुरेसा असतो, आणि ज्याचे पीक जळेल तो बहुधा आपल्या वाटेचाही मालक असतो.

आवाज. ध्वनिप्रदूषण नियम, २००० प्रमाणे रात्री १० ते सकाळी ६ या वेळेत उघड्यावर ध्वनिवर्धक लावता येत नाही. मध्यरात्रीपर्यंतची सवलत वर्षातून जास्तीत जास्त पंधरा दिवस आणि तीही शासनाने ठरवलेल्या सणांना असते. आपल्याकडच्या वरातीची तारीख त्यात येत नाही. हे नोंदणी घेतानाच यजमानांना लेखी द्यावे, नाहीतर दहा वाजता वाद घालावा लागतो आणि तोपर्यंत नवरदेवाचे मित्र ऐकण्याच्या पलीकडे गेलेले असतात. लग्नसमारंभातल्या संगीताला प्रताधिकार कायद्याच्या कलम ५२ ने सूट आहे, वाढदिवसाला किंवा कंपनीच्या मेळाव्याला नाही. वाट आणि आवाज ही दोन्ही गाऱ्हाणी त्याच शेजाऱ्यांची असतात आणि एकाचा राग दुसऱ्यावर निघतो, हे ध्यानात ठेवावे.

उरलेले भराभर. स्वयंपाकघरासाठी अन्नसुरक्षा नोंदणी किंवा परवाना; बाहेरचा आचारी असेल तर त्याचा स्वतःचा. वार्षिक उलाढाल २० लाखांवर जाणार असेल तर वस्तू व सेवा कराची नोंदणी. मद्य द्यायचे असल्यास राज्य उत्पादन शुल्क विभागाचा एक दिवसाचा परवाना, आणि तो यजमानांनी आणल्याशिवाय बाटली फाटकाच्या आत येऊ देऊ नये. मुक्कामी पाहुण्यांची नोंदवही आणि ओळखपत्राची प्रत. परदेशी पाहुणा असल्यास २४ तासांत त्याची माहिती परदेशी नागरिकांच्या नोंदणी अधिकाऱ्याकडे (पूर्वीचा सी-फॉर्म). सार्वजनिक दायित्वाचा विमा, ज्यात जनावरांपासून होणारी इजाही येते का ते वाचून पाहावे. गोठ्यातला खोंड मुलांपासून दूर, कुत्र्यांना रेबीजची लस. समारंभाचा करार लेखी: अनामत, रद्द झाल्यास परतावा, माणसांची कमाल संख्या, संपण्याची वेळ, कचरा कोण उचलणार. पेरणीच्या आणि काढणीच्या आठवड्यांत नोंदणी बंद ठेवावी. शेती थांबली तर हे शेत उरत नाही.

पहिल्या समारंभाच्या आठवडाभर आधी एक भरलेला ट्रक, एक टँकर आणि दहाबारा मोटारी एकाच वेळी आत आणून परत बाहेर काढून पाहाव्यात, आणि ते अंधार पडल्यावर करावे. दिव्यांचे खांब, वळणावरचे फलक, वाट दाखवणारी दोन माणसे आणि चिखलातून गाडी ओढायला चालकासह एक ट्रॅक्टर यांची सोय त्याच दिवशी करून टाकावी. रस्त्याच्या नोंदणीकृत कराराची एक प्रत फाटकावरच्या माणसाच्या खिशात असावी.