भुताच्या आधी दिसणारा माणूस

हॉररमध्ये भूत यायच्या आधी जो म्हातारा चौकीदार ‘साहेब, तिकडं नका जाऊ’ म्हणतो ना, तसली कामं मी करतो. कधी मांत्रिक, कधी पंचनामा लिहिणारा हवालदार, अन् बरेचदा मध्यंतराच्या आत मरणारा. नागपुरात राहून हे जमतं का, असं नवीन पोरं विचारतात. जमतं बाप्पा.

आधी राज्य नाट्य स्पर्धेत नागपूर केंद्रावर उभे राहा. मग दिवाळी झाली की गडचिरोली जिल्ह्यातलं वडसा गाठा. झाडीपट्टीचं, म्हणजे आपल्या पूर्व विदर्भातलं, नाटक रात्री उशिरा सुरू होतं अन् पहाटेपर्यंत चालतं. शेवटच्या अंकापर्यंत ज्याचा आवाज टिकतो, त्याला नाइट शिफ्टचं काय भेव! फक्त तो मागच्या रांगेपर्यंत पोचणारा आवाज सेटवर न्यायचा नाही. कॅमेऱ्याला तो ओरडा वाटतो.

खरी गोम भिण्यात आहे. सेटवर भूत नसतंच. एका स्टँडवर टेपची फुली चिकटवलेली असते अन् असिस्टंट सांगतो, ‘दादा, इथे बघा.’ बहुतेक जण लगेच डोळे फाडतात. तसं करू नका. आधी श्वास अडकू द्या, मग नजर जाऊ द्या, मान सगळ्यात शेवटी. क्लोजअपमध्ये पापणी लवली तरी दिसते. अन् कंदील कोणत्या हातात होता ते स्वतः ध्यानात ठेवा. दहा मिनिटांनी दुसऱ्या अँगलने तोच सीन पुन्हा करायचा असतो.

चेहरा हीरोचा नाही म्हणून रडू नका. हॉररवाल्या रामसे बंधूंच्या ‘पुराना मंदिर’मधला (१९८४) राक्षस, सामरी, आठवतो? ते अनिरुद्ध अग्रवाल. रुरकीत शिकलेले इंजिनिअर. उंची अन् चेहऱ्याची ठेवण हेच त्यांचं भांडवल झालं. सामरी सगळ्यांना पाठ आहे, नाव किती जणांना ठाऊक? या धंद्यात हे गृहीत धरूनच उतरायचं.

आपली नागपुरी बोली लोक हसवायलाच मागतात. मला ते पटत नाही. ‘तिकडं कोणी नाही राहत ना बावा’ हे हळू आवाजात म्हणून पाहा, अंगावर काटा येतो.

ऑडिशन आता घरूनच जाते. साधी भिंत, फोन आडवा, नाव-वय-उंची, दोन्ही बाजूंचे प्रोफाइल. मे महिन्यात कूलर बंद करूनच टेप करावी लागते, घरघर आवाजात येते. घाम पुसा अन् पुन्हा करा. अंधेरीत खोली घ्यायची घाई नको. काम पक्कं झालं की मुंबईला जायला संध्याकाळची विदर्भ एक्सप्रेस आहेच. काम मिळवून देणाऱ्या को-ऑर्डिनेटरचं कमिशन मिळालेल्या पैशातून जातं. आधीच ‘रजिस्ट्रेशन’ मागणाऱ्याचा नंबर ब्लॉक करा. कामाचे पैसे किती ते मेसेजवर लिहून घ्या, पेमेंट दोन-तीन महिन्यांनी येईल असं धरा, तोवर नोकरी सोडू नका.

अन् मिशी काढायच्या आधी को-ऑर्डिनेटरला विचारा. हवालदाराचं काम हातचं जातं.