संगणकातून गेम पूर्णपणे काढताना आधी काय जपावे आणि मग काय पुसावे

गणपतीच्या आधीच्या आठवड्यात, वर्तकनगरला आमच्या शेजारी राहणाऱ्या वहिनींनी मला त्यांच्या घरचा संगणक पाहायला बोलावले. मुलाला इंजिनिअरिंगला प्रवेश मिळाला होता, ड्रॉइंगचे सॉफ्टवेअर टाकायचे होते आणि सी ड्राइव्हवर जेमतेम सहा जीबी जागा उरली होती. डेस्कटॉप मात्र स्वच्छ होता. मुलाच्या वडिलांनी गेमची सगळी चिन्हे एकेक करून पुसली होती, आणि "गेम तर सगळे काढले, मग जागा गेली कुठे?" हा त्यांचा प्रश्न अगदी रास्त होता. डेस्कटॉपवरचे चिन्ह ही दारावरची पाटी असते. पाटी उतरवली म्हणून घर रिकामे होत नाही, आतले सामान जिथल्या तिथे राहते.

त्यांना आणखी एक शंका होती. संगणक घेताना २५६ जीबीची एसएसडी सांगितली होती आणि विंडोज २३८ जीबीच दाखवत होते. ही फसवणूक नाही आणि ती जागा गेमने खाल्लेलीही नाही. डिस्क बनवणारे १००० च्या पटीत मोजतात, विंडोज १०२४ च्या पटीत मोजते, म्हणून आकडा कमी दिसतो.

गेम काढणे अवघड का वाटते, हे कळण्यासाठी तो संगणकात कुठे कुठे पसरतो हे आधी पाहावे लागते. सर्वांत मोठा भाग गेमच्या मुख्य फोल्डरात असतो आणि तो बहुधा सी ड्राइव्हवर 'प्रोग्रॅम फाइल्स'मध्ये किंवा डी ड्राइव्हवर असतो. खेळणाऱ्याची प्रगती, म्हणजे सेव्ह केलेल्या फाइल्स, त्याच्या स्वतःच्या युजर फोल्डरात असतात. त्या कधी 'डॉक्युमेंट्स'मधील 'माय गेम्स'मध्ये, कधी 'सेव्ह्ड गेम्स'मध्ये, तर कधी 'ॲपडेटा' या लपवलेल्या फोल्डरात सापडतात. तिसरा भाग म्हणजे लाँचर, म्हणजे स्टीम किंवा एपिकसारखा, गेम उतरवून घेणारा आणि चालवणारा प्रोग्रॅम, आणि चौथा म्हणजे गेमसोबत आलेले मदतनीस प्रोग्रॅम. विंडोजचा अनइन्स्टॉल बहुतेक वेळा पहिला भाग नीट काढतो आणि दुसऱ्याला हात लावत नाही. त्यामागे कारण आहे, कारण उद्या तोच गेम पुन्हा टाकला तर खेळ जिथे थांबला होता तिथून सुरू व्हावा, अशी ती सोय असते.

म्हणूनच पुसायला बसण्याआधी, ज्याचा गेम आहे त्याला विचारावे. हे मी आग्रहाने सांगतो, कारण याबाबतीत माझ्या हातून एकदा मोठी चूक झाली आहे. माझ्या भाच्याने माइनक्राफ्टमध्ये दोन वर्षे खपून ठाण्याची तलावपाळी उभी केली होती. मासुंदा तलाव, त्यातल्या बोटी, काठावरचे कोपिनेश्वराचे मंदिर आणि गडकरी रंगायतन असे सगळे त्याने ठोकळ्या-ठोकळ्याने रचले होते. दहावीचे वर्ष म्हणून ताईने गेम काढायला सांगितला. मी तो रीतसर अनइन्स्टॉल केला आणि मग 'ॲपडेटा'मध्ये उरलेला माइनक्राफ्टचा फोल्डर कचरा समजून शिफ्ट-डिलीटने कायमचा पुसला. संध्याकाळी क्लासहून आल्यावर त्याने एवढेच विचारले, "मामा, तलावपाळी पण गेली का?" गेम काढायला त्याची हरकत नव्हती. पण माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीत आपण उभारलेली जगे त्या फोल्डरातील 'सेव्ह्ज'मध्ये, फक्त त्याच संगणकावर असतात. कंपनीच्या सर्व्हरवर त्यांची प्रत नसते, त्यामुळे ती परत आणता आली नाहीत.

तेव्हापासून मी एक क्रम पाळतो. कीबोर्डवर विंडोजचे बटण आणि आर एकत्र दाबावे. उघडणाऱ्या छोट्या चौकटीत इंग्रजी लिपीत टक्क्याचे चिन्ह, 'ॲपडेटा' हा शब्द आणि पुन्हा टक्क्याचे चिन्ह, मध्ये जागा न सोडता टाइप करून एंटर दाबावे. 'रोमिंग' नावाचा फोल्डर उघडतो. तिथून एक पायरी वर गेले की 'लोकल' आणि 'लोकल-लो' हे आणखी दोन फोल्डर दिसतात. युनिटी या इंजिनवर, म्हणजे गेम बनवण्याच्या तयार सॉफ्टवेअरवर, बनवलेल्या अनेक गेमच्या फाइल्स 'लोकल-लो'मध्ये असतात, तर अनरिअल इंजिनवरच्या गेमचा 'सेव्ह्ड' फोल्डर बहुधा 'लोकल'मध्ये, गेमच्या नावाखाली असतो. गेमच्या किंवा तो बनवणाऱ्या कंपनीच्या नावाचा फोल्डर सापडला की तो आधी पेन ड्राइव्हवर कॉपी करावा, कॉपी उघडून पाहावी आणि मगच पुढे जावे. स्टीमवरील बऱ्याच गेमची प्रगती स्टीम क्लाउडमध्ये, म्हणजे स्टीमच्या सर्व्हरवर, साठवली जाते, पण ही सोय सर्व गेमना नसते, त्यामुळे तिच्यावर डोळे झाकून विसंबू नये.

आता प्रत्यक्ष काढण्याकडे वळू. गेम ज्या वाटेने आला त्याच वाटेने त्याला बाहेर काढावे, हा मुख्य नियम आहे. स्टीमवरून आलेला गेम स्टीम उघडून, लायब्ररीत त्याच्या नावावर उजवी क्लिक करून, 'मॅनेज'मधील 'अनइन्स्टॉल'ने काढावा. एपिकच्या लाँचरमध्ये लायब्ररीतील गेमशेजारच्या तीन टिंबांवर क्लिक केले की तोच पर्याय मिळतो. एक्सबॉक्स ॲपमधून आलेले गेम त्या ॲपमधून किंवा विंडोजच्या सेटिंग्जमधून काढावेत. 'विंडोजॲप्स' नावाच्या कुलूपबंद फोल्डराचे अधिकार बदलून आत शिरण्याचा उपाय काही जण सुचवतात, तो करू नये, कारण त्याच फोल्डरात विंडोजची इतर ॲपही राहतात.

घाईघाईत मुख्य फोल्डरच डिलीट केला तर काय होते, तेही सांगतो. स्टीम प्रत्येक गेमची नोंद 'स्टीमॲप्स' फोल्डरात एका छोट्या फाइलमध्ये ठेवते आणि एपिकही अशाच नोंदी स्वतःकडे ठेवते. फोल्डर गेला आणि नोंद राहिली की लाँचरच्या लेखी गेम अजून घरातच असतो. मग तो चालू करायला गेले तर त्रुटी येते आणि काही वेळा सगळे पुन्हा डाउनलोडही होऊ लागते.

लाँचरशिवाय टाकलेल्या गेमसाठी विंडोज ११ मध्ये 'सेटिंग्ज', 'ॲप्स' आणि 'इन्स्टॉल्ड ॲप्स' या क्रमाने जावे. विंडोज १० मध्ये याच ठिकाणाचे नाव 'ॲप्स अँड फीचर्स' असे आहे. यादी आकारानुसार लावली की जागा अडवून बसलेली मंडळी वरच दिसतात. वहिनींच्या संगणकावर आम्ही यादी अशी लावली तेव्हा पहिल्या दोन ओळी गेमच्या निघाल्या. त्यांपैकी एकाचे चिन्ह वडिलांनी वर्षभरापूर्वी पुसले होते. यादीत नाव आहे पण 'अनइन्स्टॉल' दाबल्यावर काहीच होत नाही, अशी वेळ आली तर जुन्या 'कंट्रोल पॅनल'मधील 'प्रोग्रॅम्स अँड फीचर्स'मधून प्रयत्न करावा. गेम काढणारी फाइलच हरवली असेल, तर विंडोज बहुधा तसे सांगते आणि यादीतले नाव काढू का, असे विचारते. तिथे होकार द्यावा.

काही ऑनलाइन गेम एकटे येत नाहीत. व्हॅलोरंट काढला तरी त्याचा व्हॅनगार्ड हा फसवणूक रोखणारा प्रोग्रॅम मागे राहू शकतो. तो विंडोजच्या अगदी आतल्या थरात, संगणक सुरू होतानाच चालू होतो, म्हणून तो स्वतंत्रपणे काढणे गरजेचे आहे. घड्याळाजवळच्या छोट्या चिन्हांमध्ये त्याचे चिन्ह शोधून उजवी क्लिक करावी, तो बंद करावा, 'इन्स्टॉल्ड ॲप्स'मधून 'रायट व्हॅनगार्ड' अनइन्स्टॉल करावा आणि संगणक रीस्टार्ट करावा.

एम्युलेटरबद्दल थोडे अधिक लिहायला हवे, कारण मी पाहिलेल्या घरगुती संगणकांत सर्वांत जास्त विसरलेली जागा त्यांनीच अडवलेली असते. पबजी मोबाइलवर भारतात सप्टेंबर २०२० मध्ये बंदी आली, पण तो मोठ्या पडद्यावर खेळण्यासाठी टाकलेले एम्युलेटर तसेच पडून राहिले. एम्युलेटर म्हणजे संगणकाच्या पोटात बसवलेला एक आख्खा अँड्रॉइड फोन. आतला गेम काढला तरी त्या फोनची डिस्क म्हणून वापरली जाणारी फाइल सहसा आपोआप लहान होत नाही. म्हणून गेम न काढता एम्युलेटरच अनइन्स्टॉल करावा आणि मग उरलेला फोल्डर पाहावा. गेमलूप या एम्युलेटरचा फोल्डर 'टीएक्सगेमअसिस्टंट' या नावाने असतो, त्यामुळे तो गेमचा आहे हे कुणाच्या लक्षातच येत नाही. ब्लूस्टॅक्स या दुसऱ्या एम्युलेटरचा फोल्डर सी ड्राइव्हवरील 'प्रोग्रॅमडेटा'मध्ये असतो आणि हा फोल्डर लपवलेला असल्यामुळे फाइल एक्सप्लोररमध्ये 'व्ह्यू', 'शो' आणि 'हिडन आयटम्स' निवडल्याशिवाय दिसत नाही. वहिनींच्या संगणकावर असा एकच फोल्डर ३१ जीबीचा निघाला.

मित्राच्या पेन ड्राइव्हवरून आलेल्या, परवाना नसलेल्या गेमची गोष्ट वेगळी आहे आणि इथे जागेपेक्षा सुरक्षेची काळजी अधिक करावी. असे गेम कधी यादीतच नसतात. त्यांच्या फोल्डरात 'अनइन्स' या अक्षरांनी सुरू होणारी फाइल असेल तर ती चालवावी, नसेल तर फोल्डर पुसावा. त्यानंतर 'विंडोज सिक्युरिटी' उघडून, 'व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन'च्या 'मॅनेज सेटिंग्ज'मध्ये जाऊन 'एक्सक्लूजन्स'ची यादी जरूर पाहावी. असे गेम टाकताना "अँटिव्हायरसला हा फोल्डर तपासू देऊ नका" अशी सूचना सर्रास असते आणि मुले ती पाळतात. गेम गेला तरी ती सूट तशीच राहते, आणि पुढे त्या फोल्डरात काहीही आले तरी विंडोजचा अँटिव्हायरस डिफेंडर तिकडे पाहत नाही. यादीत असलेली अशी नावे काढून टाकावीत आणि एकदा 'फुल स्कॅन' करावा. ज्या संगणकावर घरचे नेट बँकिंग चालते, तिथे हे काम उद्यावर ढकलू नये.

यानंतर उरलेसुरले पाहावे. 'सेटिंग्ज'मधील 'सिस्टिम', 'स्टोरेज' आणि 'टेम्पररी फाइल्स' इथे जाऊन तात्पुरत्या फाइल्स आणि 'डायरेक्टएक्स शेडर कॅशे' पुसण्यास हरकत नाही. गरज पडली तर ती कॅशे पुन्हा तयार होते. याच यादीत 'डाउनलोड्स' हा फोल्डरही असतो, त्यावर खूण नाही ना, हे नीट पाहावे, कारण प्रवेशाच्या पावत्या आणि गुणपत्रिका बहुधा तिथेच असतात. हाताने पुसलेले फोल्डर रीसायकल बिनमध्ये पडून राहतात आणि बिन रिकामी करेपर्यंत एकही जीबी मोकळा होत नाही. मी ती लगेच रिकामी करत नाही, आठ दिवस थांबतो. भाच्याच्या वेळी मी हे केले असते तर तलावपाळी वाचली असती.

दोन गोष्टींना हात लावू नये. 'इन्स्टॉल्ड ॲप्स'मध्ये 'मायक्रोसॉफ्ट व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल' नावाच्या, वेगवेगळ्या सालांच्या अनेक ओळी दिसतात. त्या गेमसोबत आलेल्या असल्या तरी इतर प्रोग्रॅमही त्यांच्यावर चालतात, आणि त्या काढल्या तर ड्रॉइंगचे किंवा हिशेबाचे सॉफ्टवेअर उघडेनासे होऊ शकते. दुसरी गोष्ट म्हणजे रजिस्ट्री, म्हणजे विंडोजची सेटिंग्ज साठवणारी आतली नोंदवही. तिथे उरणाऱ्या नोंदी इतक्या छोट्या असतात की त्या काढून जागा मिळत नाही, आणि चुकीची नोंद पुसली तर विंडोजच सुरू न होण्याचा धोका असतो. रजिस्ट्री साफ करून संगणक वेगवान करण्याचे आश्वासन देणारी सॉफ्टवेअर मी कुणाच्याही संगणकावर टाकत नाही.

सगळे झाले की लाँचरचा निर्णय घ्यावा. एकही गेम ठेवायचा नसेल तर लाँचरही अनइन्स्टॉल करावा. ठेवायचा असेल तर कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप एकत्र दाबून टास्क मॅनेजर उघडावा आणि 'स्टार्टअप ॲप्स'मध्ये त्याचे नाव 'डिसेबल' करावे, म्हणजे संगणक सुरू होताना तो आपोआप उघडणार नाही. स्टीमबाबत मात्र सावध राहावे, कारण स्टीम काढताना त्याच्या फोल्डरातील सगळे गेमही जातात.

वहिनींच्या घरी हे सारे आटोपायला दोन तास लागले. सहा जीबीच्या जागी १३९ जीबी मोकळे झाले आणि मुलाचा सेव्ह केलेला सगळा खेळ पेन ड्राइव्हवर सुरक्षित राहिला. विकत घेतलेले गेम त्याच्या खात्यावर तसेच आहेत, सुट्टीत हवे तेव्हा तो ते पुन्हा उतरवू शकतो. निघताना एक गोष्ट मात्र राहिली होती. गेम संगणकातून काढल्याने गेम पाससारखी दरमहाची वर्गणी थांबत नाही, ती खात्यात शिरून वेगळी रद्द करावी लागते. ती वडिलांच्या कार्डावरून चालू होती. चहा होईपर्यंत तेही काम आम्ही तिथेच उरकले.