सामायिक शेत, दोन कॉम्प्युटर : गेमचं सेव्ह सिंक करताना या चुका टाळा

माझं आणि माझ्या भाच्याचं मिळून एक शेत आहे. सातबारा नाही, बांधावरून भांडण नाही. ते आहे स्टारड्यू व्हॅली या गेममध्ये. मी जुळे सोलापुरातल्या घरी रात्री जेवण झालं की डेस्कटॉपवर तासभर पेरणी करतो, आणि तो पुण्याच्या हॉस्टेलवर लॅपटॉपवर पाणी घालतो. सेव्हचं, म्हणजे खेळ कुठवर आला याच्या नोंदीचं, फोल्डर एकच आहे. सिंकथिंग नावाचा फुकट प्रोग्राम ते इकडून तिकडे नेतो. दीड वर्ष सगळं सुरळीत चाललं, आणि मग एका रात्री त्याचा फोन आला.

“मामा, बटाटे काढले म्हणालात ना?”

“काढले की. विकले पण.”

“इथं तर अजून रानातच आहेत.”

माझे पाच दिवस गेले होते. गेममधलेच, पण पाच दिवस म्हणजे पाच दिवस.

घड्याळ मागे पडलेला पीसी

त्याचं असं झालं. एप्रिलातली दुपार होती. लाईट गेली, आली, परत गेली. पीसी चालू केला तर काळ्या पडद्यावर दोन ओळी इंग्रजी आणि खाली ‘एफ वन दाबा’. हे तो दोन महिने म्हणत होता आणि मी दोन महिने इमानदारीत एफ वन दाबत होतो. विंडोज चालू झालं तेव्हा उजव्या कोपऱ्यात तारीख होती १ जानेवारी २००९. म्हटलं असू दे, आपल्याला काय पंचांग बघायचंय. इंटरनेट बंदच होतं, पाच दिवस शेत करून उठलो. तिकडे भाच्याची परीक्षा संपली होती, त्यानंही मला न सांगता दोन दिवस खेळून घेतले. रात्री नेट आलं आणि दोन्ही मशीन एकमेकांना भेटली.

एकच फाइल दोन्हीकडे बदललेली असली की सिंकथिंग दोन्ही प्रती ठेवतं, पण मूळ नाव एकीलाच मिळतं. जिची शेवटची बदलाची वेळ नंतरची, ती जिंकते. जुनी ठरलेली प्रत नाव बदलून बाजूला जाते. माझे बटाटे यंत्राच्या लेखी २००९ सालचे होते. भाचा जिंकला यात सिंकथिंगचा काही दोष नाही, त्याला जे घड्याळ दाखवलं ते त्यानं खरं मानलं.

मदरबोर्डवर रुपयाच्या नाण्यापेक्षा थोडा जाड एक सेल असतो, सीआर २०३२, तीन व्होल्टचा. वीज नसताना घड्याळ तोच चालवतो. तो संपला की प्लग काढला किंवा लाईट गेली की पीसी आपल्या जन्मतारखेला परत जातो. नव्या पेठेत कुठल्याही घड्याळवाल्याकडे हा सेल मिळतो. पीसी बंद करून वायर भिंतीतून काढा, पट्टी हलकेच बाजूला केली की जुना सेल उडी मारून बाहेर येतो, नवा अक्षरं वर करून बसवा. मग बायोसमध्ये, म्हणजे विंडोजच्या आधी उघडणाऱ्या पीसीच्या मूळ सेटिंगमध्ये, जाऊन तारीख-वेळ लावा. सगळं पाच मिनिटांचं काम आहे आणि मी त्यासाठी दोन महिने एफ वन दाबला.

घड्याळ चुकलंय हे ओळखायची सोपी खूण म्हणजे ब्राउझर. तारीख फार मागे असली की साइट उघडत नाहीत आणि ‘तुमचं घड्याळ मागे आहे’ असा निरोप येतो. नेट आल्यावर विंडोज आपणहून वेळ सुधारेल या भरवशावर राहू नका. फरक फार मोठा असेल तर ते हात लावत नाही. तारीख-वेळेच्या सेटिंगमध्ये जाऊन ‘सिंक नाऊ’ दाबा, आणि आधी टाइम झोन बघा. झोन दुसऱ्याच देशाचा ठेवून काटे हातानं जुळवले तर घड्याळ बरोबर दिसतं, पण फाइलवर शिक्का बसतो काही तास पुढचा किंवा मागचा. दोन मशीनच्या भांडणात तेवढे तास पुरतात.

हरवलेलं कुठे शोधायचं

इथं बहुतेक जण दुसरी चूक करतात : सेव्ह गेलं म्हणून कपाळाला हात लावतात आणि नव्यानं खेळायला बसतात. थांबा. गेम उघडूच नका.

विंडोज आणि आर ही बटणं एकदम दाबून रनची चौकट उघडा, ‘अ‍ॅपडेटा’ हा शब्द इंग्रजीत, आगेमागे टक्क्याचं चिन्ह लावून टाका. आतमध्ये स्टारड्यू व्हॅली, त्यात सेव्हज. आमच्या शेताच्या फोल्डरमध्ये मला चार-पाच फायली दिसल्या आणि त्यातल्या दोघींच्या नावात ‘सिंक-कॉन्फ्लिक्ट’ आणि मागे आकड्यांची शेपटी. माझे बटाटे तिथंच होते.

आधी अख्खं फोल्डर डेस्कटॉपवर कॉपी केलं. सिंक थांबवलं. मग भाच्याची फाइल बाजूला काढून माझ्या फाइलच्या नावातली शेपटी पुसली. या गेममध्ये एक खोच आहे. एका सेव्हच्या दोन फायली असतात, एक फोल्डरच्याच नावाची आणि दुसरी ‘सेव्हगेमइन्फो’. पहिलीत सगळं शेत असतं, दुसरीत फक्त यादीत दिसणारी माहिती. एकच बदललीत तर यादीत एक दिवस दिसतो आणि आत गेल्यावर दुसराच. दोन्ही बदला.

भाच्याचे दोन दिवस मात्र गेले. दोन सेव्ह एकमेकांत कालवता येत नाहीत, एकच ठेवावं लागतं. ते कोणाचं, हा प्रश्न कॉम्प्युटरचा नाही, घरातला आहे. मी मामा आहे.

स्टीम विचारतं तेव्हा

स्टीम हे गेमचं ऑनलाइन दुकान आहे, आणि स्टीम क्लाउड म्हणजे इंटरनेटवर सेव्ह ठेवायची त्याची सोय. ती वापरत असाल तर फायली शोधत फिरावं लागत नाही, पण तिथं घाई नडते. गेम बंद केला की स्टीम सेव्ह वर चढवतं. गेम बंद केला की, म्हणजे लॅपटॉपचं झाकण लावलं की नव्हे. भाचा एका शनिवारी पुण्याहून संध्याकाळच्या हुतात्मा एक्सप्रेसनं येत होता. दौंडपर्यंत दुसराच एक गेम खेळला, झाकण पाडलं आणि झोपला. घरी येऊन माझ्या डेस्कटॉपवर स्वतःच्या अकाउंटनं लॉगिन केलं तर आठवड्यापूर्वीचं सेव्ह. तिथं अर्धा तास खेळला. रविवारी लॅपटॉप उघडला तेव्हा पडद्यावर सवाल आला : क्लाउडमधलं ठेवू की या मशीनवरचं?

ही चौकट आली की लोक ‘क्लाउड’ दाबतात, कारण क्लाउड म्हणजे काहीतरी भरवशाचं असं वाटतं. चौकटीत दोन्हींच्या वेळा लिहिलेल्या असतात, त्या वाचा. पण नंतरची वेळ म्हणजे जास्त खेळलेलं असंही नाही. भाच्याच्या बाबतीत क्लाउडची वेळ नंतरची होती, मेहनत मात्र लॅपटॉपवर होती. खात्री नसेल तर रद्द करा, मशीनवरचं सेव्हचं फोल्डर बाजूला कॉपी करा आणि मगच उत्तर द्या. एकदा उत्तर दिलं की दुसरी बाजू पुसली जाते.

नव्या मशीनवर गेम टाकल्यावर ‘जरा चालतोय का बघू’ म्हणून नेट नसताना उघडणं हीसुद्धा तीच चूक. शून्यापासूनचं एक सेव्ह तयार होतं, आणि त्याची वेळ सगळ्यात ताजी असते. तसंच प्रत्येक गेमला क्लाउडची सोय असते असंही नाही. स्टोअरच्या पानावर वैशिष्ट्यांच्या यादीत स्टीम क्लाउड लिहिलंय का बघून घ्या. आणि एकच गेम स्टीमवर आणि एपिक या दुसऱ्या दुकानात दोन्हीकडे घेतला असेल तर त्यांची क्लाउड एकमेकांना ओळखत नाहीत.

एका म्यानात दोन सिंक

माझ्याकडे दोन-तीन ओळखीचे लॅपटॉप घेऊन येतात, त्यातल्या निम्म्यांचं दुखणं हे असतं. बरेच गेम डॉक्युमेंट्सच्या आत ‘माय गेम्स’मध्ये सेव्ह करतात. विंडोजच्या सेटिंगमध्ये कधीतरी ‘पुढे, पुढे’ करताना डॉक्युमेंट्स वनड्राइव्हवर, म्हणजे मायक्रोसॉफ्टच्या क्लाउडवर, गेलेलं असतं. तेच फोल्डर स्टीमही चढवतंय. वर कोणीतरी गूगल ड्राइव्हही लावून दिलेला. मग तिघं एकाच फाइलची ओढाताण करतात. गेम ‘सेव्ह करता येत नाही’ म्हणतो, किंवा एकाच फाइलच्या कॉम्प्युटरचं नाव जोडलेल्या प्रती तयार होतात. वनड्राइव्हची फुकटची जागा ५ जीबी, ती भरली की चढवणं थांबतं आणि आपल्याला वाटतं चाललंय.

एका फोल्डरला एकच मालक ठेवा. आमच्या शेताला सिंकथिंग आहे म्हणून दोघांनीही स्टीममध्ये गेमच्या प्रॉपर्टीजमध्ये जाऊन त्या एका गेमपुरतं क्लाउड बंद केलंय.

सगळंच फोल्डर सिंकला लावणं हाही उतावीळपणा. काही गेम सेव्हच्या शेजारीच ग्राफिक्सची सेटिंग ठेवतात. डेस्कटॉपची ती फाइल बिनग्राफिक्स कार्डच्या लॅपटॉपवर गेली की गेम बैलगाडीसारखा चालतो, आणि माणूस रॅम वाढवायला दुकानात जातो. ती फाइल सिंकमधून वगळा. कोणत्या गेमचं सेव्ह कुठं असतं हे पीसीगेमिंगविकी या साइटवर गेमगणिक दिलेलं आहे. ल्युडुसावी हा फुकट प्रोग्राम त्याच माहितीवरून सेव्ह शोधून त्यांच्या प्रती काढून ठेवतो.

एकीकडे पुसलं, सगळीकडे पुसलं

सिंक आज्ञाधारक असतं. इथं फोल्डर डिलीट केलं की तिथंही होतं, आणि सेव्ह खराब झालं तर ते खराब सेव्हही तितक्याच तत्परतेनं पोचतं. सिंकथिंगमध्ये जुन्या प्रती राखायची सोय आहे, फाइल व्हर्जनिंग. ती मुळात बंद असते. फोल्डरच्या सेटिंगमध्ये ‘सिंपल’ निवडलं तर शेवटच्या पाच प्रती राहतात.

पण यातली गोम मला वर्षभरानं कळली. जुनी प्रत राखली जाते ती बाहेरून आलेल्या बदलाच्या वेळी. मी माझ्याच पीसीवर माझीच फाइल पुसली तर माझ्या पीसीवर काही राहत नाही, भाच्याच्या लॅपटॉपवर राहतं, आणि तेही त्यानं तिथं व्हर्जनिंग चालू केलं असेल तरच. दोन्हीकडे चालू करा. शिवाय महिन्यातून एकदा मी सेव्हचं फोल्डर झिप करून पेनड्राइव्हवर टाकतो, नावात तारीख घालून. ऑफिसच्या हिशेबाच्या फायलींनाही तोच नियम लावलाय, मार्चअखेरीला त्यानंच वाचवलं.

फोनची तऱ्हा

फोनवर सगळ्यात महाग चूक सगळ्यात सोपी आहे : गेस्ट म्हणून खेळणं. बीजीएमआयसारख्या ऑनलाइन गेमचं सगळं सर्व्हरवर असतं, तिथं कॉपी करण्यासारखं काही नसतं. खातं जोडलेलं नसेल तर फोन बदलल्यावर ते कोणाचं हे सिद्ध करता येत नाही. आजच गूगलचं किंवा दुसरं खातं जोडून टाका. गेम अडकला म्हणून ‘क्लिअर डेटा’ दाबणं हाही घात. ‘क्लिअर कॅशे’ वेगळं, त्यानं सेव्ह जात नाही.

फोनमधलेच ऑफलाइन गेम पीसीशी जोडायचे तर अँड्रॉइड ११ पासून अडचण वाढली आहे. बरेच गेम ज्या अँड्रॉइड/डेटा फोल्डरमध्ये सेव्ह ठेवतात तिथं दुसऱ्या अ‍ॅपला शिरता येत नाही. सिंक ‘झालं’ म्हणतं आणि फोल्डर रिकामं. फोन केबलनं पीसीला लावून हातानं कॉपी करणं हा बऱ्याचदा उरलेला मार्ग. तेही करण्याआधी दोन्हीकडची गेमची आवृत्ती जुळते का बघा. नव्या आवृत्तीचं सेव्ह जुनीला वाचता येईलच असं नाही.

जुन्या गेमचे इम्युलेटर, म्हणजे जुन्या गेमयंत्रांची नक्कल करणारे प्रोग्राम, वापरणाऱ्यांसाठी एवढंच : सेव्ह स्टेट, म्हणजे इम्युलेटरनं टिपलेली त्या क्षणाची स्थिती, सिंक करून दुसऱ्या मशीनवर चालेल ही अपेक्षा ठेवू नका. ती त्या कोअरच्या, म्हणजे नक्कल करणाऱ्या त्या भागाच्या, त्या आवृत्तीची असते. खेळाच्या आतून केलेलं सेव्ह न्या, रेट्रोआर्क या इम्युलेटर प्रोग्राममध्ये त्या फाइलच्या नावाच्या शेवटी बहुधा एसआरएम असतं.

काहीच हलत नाही तेव्हा

‘सिंक होतच नाही’ ही तक्रार आली की मी पहिला प्रश्न विचारतो : दोन्ही मशीन एकाच वेळी चालू होती का? सिंकथिंगमध्ये मध्ये कुठला सर्व्हर तुमच्या फायली धरून बसत नाही. मी रात्री दहाला खेळून पीसी बंद करतो, भाचा रात्री एक वाजता लॅपटॉप उघडतो, मग सेव्ह येणार कुठून? उपाय म्हणून घरातला एक जुना फोन तिसरा गडी केला. अँड्रॉइडचं मूळ सिंकथिंग अ‍ॅप डिसेंबर २०२४ मध्ये बंद झालं, आता सिंकथिंग-फोर्क वापरतात. त्या अ‍ॅपचं बॅटरी ऑप्टिमायझेशन बंद केलं नाही तर फोन त्याला दहा मिनिटांत झोपवतो. फोन कायम चार्जरवर असतो, म्हणून तो देवघराच्या बाजूच्या गार कोनाड्यात ठेवलाय. मेमध्ये गॅलरीत ठेवला असता तर बॅटरी पुरीसारखी फुगली असती.

आणि या सगळ्यावर एक अगदी बिनतांत्रिक उपाय आम्ही लावलाय. खेळायला बसताना व्हॉट्सअ‍ॅपवर ‘बसलो’ लिहायचं, गेम बंद करून सिंक पूर्ण झालं की ‘उठलो’. परवा रात्री साडेअकराला त्याचा ‘बसलो’ आला. ‘उठलो’ अजून यायचाय.