आधी दोन टिंबांपुढचं वर्ष बघा

बेळगावच्या उद्यमबाग औद्योगिक वसाहतीतल्या एका शेडचं वायरिंगचं काम २०२१ साली संपवलं आणि कागद दाखल केले. चार दिवसांत फाईल परत. अर्थिंगचे, म्हणजे गळकी वीज जमिनीत सोडायचे, खड्डे ठीक, रीडिंग ठीक. ड्रॉइंगच्या कोपऱ्यात मी लिहिलं होतं, 'अर्थिंग आयएस ३०४३ : १९८७ प्रमाणे'. आयएस म्हणजे भारतीय मानक, दोन टिंबांपुढे त्याचं साल. त्या १९८७ भोवती लाल पेनाने गोल, बाकी एक अक्षर नाही. नवी आवृत्ती २०१८ लाच आली होती आणि मी जुन्या ड्रॉइंगचीच झेरॉक्स मारत बसलो होतो. चूक माझीच. तेव्हापासून हाताखालच्या पोरांना जे सांगतो, तेच इथे लिहितोय.

पहिलं म्हणजे नियम आणि मानक यांची गल्लत करू नका. नियम म्हणजे कायदा. वीज कायदा २००३ च्या कलम ५३ खाली केंद्रीय विद्युत प्राधिकरण सुरक्षेचे नियम करतं आणि ते राजपत्रात छापून येतात. मानक म्हणजे भारतीय मानक ब्युरोचं पुस्तक. वायरिंगला आयएस ७३२, अर्थिंगला आयएस ३०४३, आणि या सगळ्यांची थोरली म्हणजे राष्ट्रीय विद्युत संहिता. मानक ऐच्छिक असतं असं काही जण ऐटीत सांगतात. अहो, काम ब्युरोच्या मानकांप्रमाणे करा असं नियमावलीच सांगते. मग ऐच्छिक राहिलं कुठलं?

माझ्या वस्तादांनी सगळी उमर एका पुस्तकावर काढली, १९५६ चे रूल्स, म्हणजे जुने भारतीय वीज नियम. पानापानाला ग्रीसचे अंगठे. ते रूल्स थेट २०१० पर्यंत चालले. पण त्यांच्या जागी आलेली प्राधिकरणाची २०१० ची नियमावली २०१५ आणि २०१८ ला दुरुस्त झाली आणि जून २०२३ मध्ये तिच्या जागी नवीच आली. संहिता १९८५ ची, मग २०११, मग २०२३. आयएस ७३२ तर १९८९ नंतर २०१९ ला बदललं. वस्तादांसारखं एकदा पाठ केलं आणि झालं, ते दिवस गेले.

आता बघायचं कसं? ब्युरोच्या संकेतस्थळावर नाव नोंदवा, भारतीय मानकं तिथे फुकट उतरवता येतात. शोधताना नुसता आकडा टाका, वर्ष टाकू नका. वर्ष टाकलंत की तुमच्याच जुन्या आवृत्तीत अडकाल. मानक सापडलं की शेवटची पानं आधी उघडा, कारण सुटे बदल तिथे चिकटवलेले असतात. आणि 'रिअफर्म्ड' या शब्दाला फसू नका. समिती साधारण दर पाच वर्षांनी मानक तपासते आणि ते तसंच ठेवायचं, दुरुस्त करायचं, नव्याने लिहायचं की मोडीत काढायचं ते ठरवते. तसंच ठेवलं तर हा शिक्का बसतो. १९८७ च्या अर्थिंगच्या पुस्तकावर 'रिअफर्म्ड २००६' आहे, म्हणजे ते २००६ चं झालं नाही. मजकूर १९८७ चाच.

नवं मानक छापण्याआधी मसुदा सगळ्यांसाठी खुला करतात, बहुतेक वेळा ६० दिवस. कलमाचा क्रमांक, तुमचा आक्षेप, त्याऐवजी काय लिहावं, असा तक्ता भरून कुणीही पाठवू शकतो. आम्ही वायरमन लोक तिकडे फिरकत नाही आणि मग टपरीवर चहा पिताना नावं ठेवतो.

सीमेवरच्यांसाठी एक गोष्ट वेगळी. उद्यमबागेतून शिनोळीला गेलं की राज्य बदलतं. इकडे कर्नाटकची वीज कंपनी हेस्कॉम, तिकडे महाराष्ट्राची महावितरण; विद्युत निरीक्षक दोन्हीकडे आपापल्या सरकारचा. केंद्राची नियमावली आणि ब्युरोची मानकं मात्र दोन्हीकडे तीच. माझा परवाना कर्नाटकचा, म्हणून शिनोळीच्या कामाच्या अहवालावर मी तिथल्या परवानाधारकाची सही घेतो. इकडचे अर्ज कन्नडात असतात. मी अजून शेजारच्या पोराकडून वाचून घेतो, लाज नाही वाटत.

मागच्या पावसाळ्यात वडगावात एका मागवाल्याकडे गेलो. आरसीसीबी, म्हणजे वीज गळाली की पुरवठा तोडणारा स्विच, नवाकोरा, ३० मिलीअँपियरचा. मालकांनी त्याचं चाचणीचं 'टी' बटण दाबून दाखवलं, खटकन पडला. "बघा, एकदम सेफ!" मी अर्थची हिरवी वायर धरून मागे मागे गेलो. ती मोरीतल्या नळाच्या पाइपाला गुंडाळलेली. पाइप वरून लोखंडी, पण भिंतीपलीकडे दोन वर्षांपूर्वी प्लास्टिकचा घातलेला. बटण दाबल्यावर आतलं यंत्र पडतं एवढंच कळतं. अर्थ जमिनीपर्यंत पोचलाय की नाही, हे ते सांगत नाही. म्हणूनच आयएस ७३२ मध्ये काम झाल्यावर तपासणी आणि मोजमाप करायला सांगितलंय. ते वाचायला वस्तादांचं पुस्तक पुरणार नव्हतं.

त्या दिवशी नवा खड्डा काढला. हल्ली काम संपलं की डीबीच्या, म्हणजे वीज वाटपाच्या पेटीच्या, दाराच्या आतल्या बाजूला मार्करने तीन ओळी लिहितो: कोणतं मानक कोणत्या सालचं, अर्थचं रीडिंग, आणि तारीख. पुढचा वायरमन दार उघडेल तेव्हा त्याला गोल कुठे मारायचा ते दिसेल.