प्री-वेडिंगचे फोटो निवडायला बसण्याआधी

बेळगावजवळच्या राजहंसगडावरून नाहीतर गोकाकच्या धबधब्यावरून शूट उरकून आलात की आधी कार्ड दोन ठिकाणी कॉपी करा, एकदा लॅपटॉपवर आणि एकदा वेगळ्या हार्ड डिस्कवर. दोन्हीकडचे फोटो उघडून बघितल्याशिवाय कार्ड फॉरमॅट करायचं नाही. मग एक रात्र जाऊ द्या. गड चढून दमलेल्या माणसाला त्या दिवशी प्रत्येक फोटो भारीच वाटतो.

अल्बममध्ये शीट किती, हे फोटोग्राफरला आधीच विचारून ठेवा, म्हणजे किती फोटो लागणार ते कळतं. पहिल्या फेरीत फक्त वाईट काढा: मिटलेले डोळे, हललेला चेहरा, मागून चाललेले पर्यटक. हे काम मोबाईलवर करू नका. मोठ्या स्क्रीनवर शंभर टक्के झूम करून डोळे बघा. फोकस झुमक्यावर बसलेला असतो आणि छोट्या स्क्रीनवर ते कळतच नाही.

गोकाकचे फोटो सावकाश बघा. घटप्रभा तिथे 52 मीटरवरून कोसळते, तुषार लेन्सपर्यंत येतात. थेंब कडेला असेल तर क्रॉप करता येईल, चेहऱ्यावर असेल तर फोटो बाद. पावसाळ्यात पाणी तांबूस असतं. एडिटिंगवाला ते निळं करून देतो म्हणाला तरी ऐकू नका, गोकाक बघितलेला प्रत्येक पाहुणा हसेल. आकाश पांढरंफटक झालेला आणि जरा काळपट आलेला, अशा दोन फोटोंत काळपट ठेवा. रॉ फाइल (कॅमेऱ्यातली प्रक्रिया न केलेली मूळ फाइल) असेल तर तो उजळता येतो, उडालेले ढग मात्र परत येत नाहीत.

राजहंसगडावर वारा असला की एकाच पोझचे ढीगभर फोटो निघतात. त्यांतला ओढणी चेहऱ्यावर न आलेला एकच ठेवा. बेळगावच्या किल्ल्यातल्या 1204 सालच्या कमल बस्ती या जैन मंदिरासमोरचे फोटो असतील तर खांब तिरके आलेत का बघा. सरळ करताना कडा कापल्या जातात, म्हणून कोपर किंवा पदर कडेला टेकलेला फोटो टाळा.

आई-आत्यांना दाखवायचे ते छाटून उरलेलेच, नाहीतर महिनाभर घोळ चालतो. व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवताना डॉक्युमेंट म्हणून पाठवा. फोटोग्राफरला स्क्रीनशॉट देऊ नका, फाइल नंबरांची यादी द्या. बाजूला टाकलेले फोटोही छापलेला अल्बम हातात येईपर्यंत पुसू नका. ऐनवेळी आजीला त्यातलाच एखादा हवा असतो.