बुद्धिबळपटूंवरील प्रश्नमंजुषा : एकच उत्तर असलेला प्रश्न कसा लिहावा

गेल्या गणेशोत्सवात आमच्या सोसायटीच्या प्रश्नमंजुषेतील बुद्धिबळाची फेरी माझ्याकडे होती. ‘सर्वांत लहान वयात जगज्जेता झालेला बुद्धिबळपटू कोण?’ हा पहिलाच प्रश्न मी वाचला. हातातील कार्डावर उत्तर होते डी. गुकेश. आठवीतील एका मुलाने घंटा वाजवली आणि ‘रुस्लान पोनोमारिओव’ असे ठणकावून सांगितले. मी ‘चूक’ म्हणालो, त्यावर त्याने ‘काका, कसं काय?’ असे विचारले आणि मंडपातील निम्मे लोक मोबाइल काढून बसले. दहा मिनिटांनी तो प्रश्न रद्द करावा लागला, कारण मुलाचे उत्तर बरोबर होते आणि माझेही.

गुकेशने 12 डिसेंबर 2024 रोजी सिंगापूरमध्ये डिंग लिरेनला 7.5–6.5 असे हरवले तेव्हा तो 18 वर्षे साडेसहा महिन्यांचा होता. पोनोमारिओवने जानेवारी 2002 मध्ये फिडेचे, म्हणजे जागतिक बुद्धिबळ महासंघाचे, विजेतेपद मिळवले तेव्हा त्याचे वय 18 वर्षे 3 महिने होते. मात्र त्या काळी दुसरा जगज्जेताही गादीवर होता. त्यातही मी ‘बुद्धिबळपटू’ असा शब्द वापरला होता, त्यामुळे 2010 मध्ये सोळाव्या वर्षी महिलांचे जगज्जेतेपद जिंकणारी चीनची हौ यिफान हे तिसरे उत्तरही तितकेच ग्राह्य ठरले असते. ‘सर्वांत’, ‘पहिला’ आणि ‘एकमेव’ या तीन शब्दांपैकी एकही प्रश्नात आला, तर त्याच्याभोवती कुंपण घातल्याशिवाय कार्ड पुढे सरकवू नये, हे मी त्या दिवशी शिकलो.

पहिले कुंपण किताबाचे असते. 1993 मध्ये तेव्हाचा जगज्जेता कास्पारोव आणि त्याचा आव्हानवीर नायजेल शॉर्ट यांनी फिडेबाहेर जाऊन स्वतंत्र लढत खेळली. तेव्हापासून 2006 मध्ये एलिस्ता येथे क्रामनिकने टोपालोवला हरवेपर्यंत जगज्जेतेपदाच्या दोन समांतर परंपरा चालू होत्या. या तेरा वर्षांतील प्रत्येक प्रश्नात ‘फिडेचा’ किंवा ‘निर्विवाद’ हे विशेषण लिहिलेच पाहिजे. ‘विश्वनाथन आनंद किती वेळा जगज्जेता झाला?’ हा प्रश्न आपल्याकडे हमखास विचारला जातो आणि त्याचे प्रचलित उत्तर पाच असे आहे. पण त्यांपैकी 2000 मधील तेहरानचे विजेतेपद फिडेच्या बाद पद्धतीच्या स्पर्धेचे होते, तर 2007 (मेक्सिको सिटी), 2008 (बॉन), 2010 (सोफिया) आणि 2012 (मॉस्को) ही चार विजेतेपदे निर्विवाद होती. माझ्या मते हा प्रश्न उलटा विचारणे अधिक चांगले: शहरे आणि प्रतिस्पर्धी द्यावेत आणि जोड्या लावायला सांगाव्यात. बॉनला क्रामनिक, सोफियाला टोपालोव, मॉस्कोला गेलफांड. मेक्सिको सिटीसमोर एकही नाव बसत नाही, कारण ती आठ खेळाडूंची स्पर्धा होती. हे ज्याच्या लक्षात येते त्याला खरोखर काहीतरी माहीत असते.

दुसरे कुंपण आपल्याच भाषेतील आहे आणि मराठी प्रश्नकर्ते त्यात सर्रास अडकतात. ‘महिला ग्रँडमास्टर’ या शब्दांचे दोन अर्थ होतात: महिलांसाठीचा स्वतंत्र, तुलनेने सोपा किताब, किंवा पुरुषांना मिळतो तोच ग्रँडमास्टर किताब मिळवलेली महिला. भारताची पहिली महिला ग्रँडमास्टर कोण, असे विचारल्यास पहिल्या अर्थाने एस. विजयालक्ष्मी हे उत्तर येते आणि दुसऱ्या अर्थाने 2002 मध्ये हा किताब मिळवणारी कोनेरू हंपी. नागपूरच्या दिव्या देशमुखकडे पहिला किताब आधीपासून होता; जुलै 2025 मध्ये जॉर्जियातील बाटुमी येथे टायब्रेकरमध्ये हंपीलाच हरवून तिने महिला विश्वचषक जिंकला आणि त्याबरोबर ती थेट भारताची 88 वी ग्रँडमास्टर झाली. नेहमीच्या वाटेने जाणाऱ्याला तीन नॉर्म (स्पर्धेतील ठरावीक दर्जाची कामगिरी) आणि 2500 गुणांकन लागते. दिव्याकडे त्या वेळी एकही नॉर्म नव्हता. ‘किती नॉर्म पूर्ण करून ती ग्रँडमास्टर झाली?’ असा प्रश्न ठेवला, तर ‘शून्य’ हे उत्तर ऐकताना सभागृहात होणारी चुळबुळ पाहण्यासारखी असते.

‘डाव’ आणि ‘लढत’ (म्हणजे अनेक डावांची मालिका) या शब्दांतही अशीच काळजी घ्यावी. संगणकाने कास्पारोवला प्रथम केव्हा हरवले, असे मोघम विचारल्यास भांडण अटळ आहे. फेब्रुवारी 1996 मध्ये फिलाडेल्फियात डीप ब्लूने पहिला डाव जिंकला, तरी लढत कास्पारोवने 4–2 अशी घेतली. लढत तो हरला ती मे 1997 मध्ये न्यूयॉर्कला, 3.5–2.5 अशी. डावाचाच हिशेब धरला तर जगज्जेत्या कापाब्लांकाइतका सुंदर प्रश्न दुसरा नाही: 1916 ते 1924 या आठ वर्षांत स्पर्धात्मक खेळात तो एकही डाव हरला नाही आणि अखेर मार्च 1924 मध्ये न्यूयॉर्कच्या स्पर्धेत रेटीने त्याची ही मालिका खंडित केली. यातही ‘स्पर्धात्मक’ हा शब्द गाळू नये, कारण एकाच वेळी अनेकांशी खेळलेले प्रदर्शनीय डाव त्या हिशेबात धरले जात नाहीत.

प्रश्न अचूक झाला म्हणजे तो चांगला झालाच असे नाही. नाव आधी सांगून साल विचारणारा प्रश्न ही पाठांतराची परीक्षा असते, म्हणून शक्यतो खुणा द्याव्यात आणि त्या अवघडाकडून सोप्याकडे न्याव्यात. मॅक्स युवेचे उदाहरण घ्यावे. पहिली खूण: हा जगज्जेता ॲम्स्टरडॅममधील मुलींच्या शाळेत गणित शिकवत असे. दुसरी: 1935 मध्ये त्याने आल्येखिनला हरवले आणि दोनच वर्षांनी विजेतेपद त्यालाच परत दिले. तिसरी: 1972 मध्ये फिशर रेक्याविकला वेळेवर पोहोचला नाही तेव्हा फिडेचा अध्यक्ष हाच होता. पहिल्या खुणेवर तीन गुण, दुसरीवर दोन, तिसरीवर एक असे ठेवल्यास जाणकार आणि नवखा दोघेही शेवटपर्यंत खेळात राहतात.

आपल्या मातीतील खुणा तर अधिक रंगतात. ‘मानापमान’ लिहिणाऱ्या नाटककाराच्या कोणत्या तीन पणत्यांनी राष्ट्रीय महिला बुद्धिबळ गाजवले, असे विचारल्यावर नाटकप्रेमी आजोबा आणि बुद्धिबळ खेळणारी नात यांना एकमेकांची मदत घ्यावीच लागते. उत्तर आहे ‘नवाकाळ’चे संपादक नीळकंठ खाडिलकर यांच्या मुली वासंती, जयश्री आणि रोहिणी. 1974 मधील पहिली राष्ट्रीय महिला स्पर्धा वासंतीने जिंकली, रोहिणी पाच वेळा राष्ट्रीय विजेती ठरली, आणि जयश्रीने पुढे त्याच वृत्तपत्राचे संपादकपद सांभाळले.

ऐकीव माहितीची मात्र भीती बाळगावी. 2020 मध्ये गाजलेल्या एका वेबमालिकेत जॉर्जियाची बुद्धिबळपटू नोना गाप्रिंदाशविली पुरुषांशी कधीच खेळली नाही, असे एक वाक्य होते. प्रत्यक्षात तिने डझनावारी पुरुष खेळाडूंशी सामने केले होते, 1977 मध्ये अमेरिकेतील लोन पाइनच्या खुल्या स्पर्धेत ती संयुक्त पहिली आली होती आणि 1978 मध्ये ग्रँडमास्टर किताब मिळवणारी ती पहिली महिला ठरली होती. तिने 2021 मध्ये दावा लावला आणि पुढच्या वर्षी तो सामोपचाराने मिटला. म्हणून वयाचा प्रश्न असेल तर तयार आकडा न उचलता जन्मतारीख आणि विजयाची तारीख घेऊन वजाबाकी स्वतः करावी. गुणांकनाचा प्रश्न असेल तर ते अधिकृत यादीतील आहे की स्पर्धा चालू असतानाचे, हे पाहावे. कार्लसनचे सर्वोच्च अधिकृत गुणांकन 2882 आहे; स्पर्धेदरम्यान तो त्याच्याही वर गेला होता.

काही प्रश्न दुधासारखे नासतात. ‘भारतात सध्या किती ग्रँडमास्टर आहेत?’ हा त्यांपैकीच एक. त्याऐवजी ‘भारताचा तिसरा ग्रँडमास्टर कोण?’ असे विचारावे, म्हणजे प्रवीण ठिपसे हे उत्तर कधीच बदलणार नाही. मोडता येण्याजोगा विक्रम विचारायचाच असेल, तर कार्डाच्या कोपऱ्यात माहिती कोणत्या तारखेपर्यंतची आहे ते लिहावे आणि फेरीपूर्वी ते कार्ड पुन्हा तपासावे.

यंदासाठी मी जुने कार्ड नव्याने लिहिले आहे. समोरच्या बाजूला आहे: ‘कास्पारोवने 1985 मध्ये 22 व्या वर्षी केलेला सर्वांत तरुण निर्विवाद जगज्जेत्याचा विक्रम 2024 मध्ये कोणी मोडला?’ मागच्या बाजूला गुकेशच्या नावाखाली पोनोमारिओव आणि हौ यिफान ही नावे तारखांसह टिपून ठेवली आहेत. आठवीतील तो मुलगा आता नववीत गेला आहे.