जुनाट दुखण्यात हालचाल वाढवताय? या चुका टाळा

तीन महिन्यांहून जास्त काळ टिकलेल्या किंवा पुन्हापुन्हा उद्भवणाऱ्या वेदनेला डॉक्टर जुनाट वेदना म्हणतात. ती सोसणाऱ्याला ‘जरा चाला-फिरा, मन खंबीर ठेवा’ हे कोणी ना कोणी ऐकवलेलंच असतं. सल्ला चुकीचा नाही. तो कसा पाळायचा, हे मात्र कोणी नीट सांगत नाही.

सगळ्यात महागात पडणारी चूक म्हणजे किती हालचाल करायची हे दुखण्यालाच ठरवू देणं. बरं वाटलं त्या दिवशी तुंबलेली सगळी कामं उरकायची आणि पुढचे दोन दिवस अंथरूण धरायचं. मग ‘चालल्यामुळेच दुखलं’ असं मनात बसतं, पुढच्या वेळी पाऊल उचलायची भीती वाटते, ताकद आणि दम दोन्ही घटतात. काही महिन्यांनी पूर्वी सहज होणारं कामही झेपेनासं होतं.

यावर उपाय म्हणजे घड्याळ लावून चालणं. समजा बऱ्या दिवशी २० मिनिटं चालता येतं आणि वाईट दिवशी जेमतेम ८. मग सुरुवात ६ मिनिटांनी करा, आणि दोन्ही दिवशी सहाच. खरी परीक्षा बऱ्या दिवशी असते, कारण तेव्हा थांबणं जिवावर येतं. तरी थांबा. आठवडाभर निभलं तर मिनिटभर वाढवा. भांडी घासणं, खुर्चीत बसून काम करणं, जिने चढणं यांनाही हाच हिशेब लावता येतो.

‘दुखलं म्हणजे आत काहीतरी बिघडलं’ हा दुसरा गैरसमज. वेदना लांबली की मज्जासंस्था अतिसंवेदनशील होऊ शकते, आणि मग साध्या हालचालीलाही ती मोठ्याने ओरडते. स्कॅनचा अहवाल वाचून तर अनेकांचं धैर्यच खचतं. पण पाठ अजिबात दुखत नसलेल्या लोकांच्या स्कॅनचा एक मोठा आढावा २०१५ मध्ये प्रसिद्ध झाला होता. त्यात मणक्यांमधल्या चकत्यांची झीज विशीतल्या सुमारे ३७ टक्के आणि ऐंशीतल्या सुमारे ९६ टक्के लोकांत दिसली.

मग किती दुखलं तर चालेल? शून्य ते दहाच्या मोजपट्टीवर हालचालीनंतर वेदना एक-दोन अंकांनी वाढली आणि दुसऱ्या दिवसापर्यंत ओसरली, तर साधारणपणे काळजी नको. त्याहून जास्त वाढली किंवा रेंगाळली तर वेळ कमी करा. व्यायाम सोडून देऊ नका. मात्र लघवी-शौचावरचा ताबा सुटणं, जांघेत बधिरपणा, हातापायांत नव्याने आलेली कमजोरी, ताप, कारण नसताना घटणारं वजन यांपैकी काही दिसलं तर मोजपट्टी बाजूला ठेवून लगेच डॉक्टर गाठा.

आता मनाबद्दल. ‘मनाचा परिणाम होतो’ हे ऐकलं की ‘म्हणजे मी नाटक करतोय?’ असं वाटतं, आणि राग येणं साहजिकच आहे. वेदना खरीच असते. शरीराकडून येणारे संदेश पाठीच्या कण्यातच कमी-जास्त होतात आणि त्यावर मेंदूचाही ताबा चालतो, असा सिद्धांत रोनाल्ड मेलझॅक आणि पॅट्रिक वॉल या वेदनेच्या अभ्यासकांनी १९६५ मध्ये मांडला. त्याचे तपशील पुढे बदलले, पण मूळ मुद्दा टिकला. म्हणूनच भीती, अपुरी झोप आणि सततची धास्ती वेदना वाढवतात.

याचा अर्थ ओढूनताणून सकारात्मक राहायचं असा नाही. उलट त्याने दुखणं तसंच राहतं, वर अपराधी वाटतं. ‘आता काही खरं नाही’ हा विचार आला की त्याच्या जागी घडलेली गोष्ट ठेवा: ‘काल जिना चढल्यावर दुखलं, तासाभराने कमी झालं.’ वही ठेवायची तर दिवसभर वेदनेचे आकडे टिपू नका, काय जमलं ते लिहा.

किरकोळ चूक वाटते, पण बरेच जण करतात: भीतीपोटी श्वास रोखून अंग ताठ धरणं. हालचाल करताना बोलता आलं पाहिजे.

आणि ‘सर्वोत्तम’ व्यायामाच्या शोधात वेळ घालवू नका. चालणं, पोहणं, हलकी योगासनं, यांपैकी जे सातत्याने कराल ते निवडा. बरं वाटू लागलं म्हणून चालू गोळ्या मात्र एकदम बंद करू नका. काही औषधं हळूहळूच कमी करावी लागतात, आणि ते डॉक्टरांशी बोलूनच.